पडशीला मत नसतं

मित्रांनो, मी एक जुनी चामड्याची पडशी आहे. घोड्याच्या पाठीवर आडवी टाकायची, दोन्ही बाजूंना एकेक पोट असलेली. माझ्या अंगावर दीडशे वर्षांचा इतिहास आहे. अमेरिकेतल्या व्हरमाँट राज्याच्या बर्फातून, ओढ्यानाल्यांतून डॉक्टर जोसाया पेल यांच्या घोड्यावर मी फिरले. खेड्यापाड्यांत तापकरी पाहिले, बाळंतपणं पाहिली, आणि शेवटी त्यांच्याबरोबर थेट राज्याच्या विधानसभेत गेले.

निदान यमुनाबाई पाहुण्यांना असं सांगतात.

खरी गोष्ट अशी की माझा जन्म इंग्लंडात, वॉल्सॉल नावाच्या गावातल्या एका कारखान्यात, जेवणाची सुट्टी आणि चहाची सुट्टी यांच्या मधल्या वेळात झाला. एका टीव्ही मालिकेसाठी मला बनवलं होतं. जन्माच्या दुसऱ्याच दिवशी एका माणसाने मला सँडपेपरने घासलं, कडक चहात बुडवलं आणि वाळायला उन्हात टाकलं. ऊन नव्हतं, म्हणून हेअर ड्रायर आणला. अशा रीतीने माझं म्हातारपण बालपणाआधीच उरकलं.

डॉक्टर पेल हे त्या मालिकेचे नायक. एकोणिसाव्या शतकातला खेड्यातला डॉक्टर. फीच्या जागी सफरचंदं घेणार, कोंबडी घेणार, आणि घरात काहीच नसेल तर ख्यालीखुशाली विचारून घोड्यावर बसणार. एकदा नदीपलीकडे एक बाई अडलेली असते आणि नदीला पूर आलेला असतो. पेल काठावर लगाम धरून उभे राहतात. पडशीत औषध असतं, नदीला पूल नसतो. तिथेच ते ठरवतात की आता विधानसभेत जायचं आणि पूल आणायचा. ते निवडून येतात, राजधानीत जातात, पहिलं भाषण करायला उठतात, आणि इथे मालिका बंद पडली. कुणी बघत नव्हतं. पुढचे भाग चित्रित झालेच नाहीत. पूल झाला की नाही ते मला ठाऊक नाही. पेलचं काम करणाऱ्या नटालाही ठाऊक नव्हतं. तो पुढे बिस्किटांच्या जाहिरातीत दिसू लागला.

मी गेले साउथहॅम्प्टनच्या बंदराजवळ, जुन्या वस्तूंच्या एका दुकानात. दुकानदाराने मालिका पाहिली होती, पण पाहिल्याचं तो विसरला होता. गोष्ट तेवढी लक्षात राहिली होती. इतिहास बहुधा असाच तयार होतो. त्याने गिऱ्हाइकांना पेलची हकिगत सांगायला सुरुवात केली आणि शेवटी स्वतःच्या खर्चाने पूलही बांधून टाकला.

एका शनिवारी डॉक्टर विनय बोधनकर दुकानात आले. तेव्हा ते तरुण होते. नागपूरचे. मोठ्या इस्पितळातली नोकरी सोडून हेझलकोट नावाच्या खेड्यात जीपी, म्हणजे गावचा डॉक्टर, म्हणून नुकतेच लागलेले. त्यांनी उभ्याउभ्या पेलची हकिगत ऐकली, पुलापाशी त्यांचे डोळे भरले, आणि ते मला खांद्यावर टाकून घरी घेऊन गेले.

दारात त्यांच्या पत्नी यमुनाबाई उभ्या होत्या.

“अहो, मी तुम्हाला टेबल लॅम्प आणायला पाठवलं होतं.”

“यमुना, हिला इतिहास आहे.”

“लॅम्पला प्लग असतो. आणि हे घोड्यावर टाकायचं असतं ना? आपल्याकडे घोडा कुठाय?”

“निसान आहे.”

यमुनाबाईंनी मला दोन बोटांनी उचललं, आत डोकावून पाहिलं आणि म्हणाल्या, “चहाचा वास येतोय हिला.” त्या घरात सत्याच्या इतक्या जवळ पुन्हा कुणी गेलं नाही.

मित्रांनो, ते माझ्या आयुष्यातले सोन्याचे दिवस. उजव्या पोटात स्टेथोस्कोप, रक्तदाबाचं यंत्र, इंजेक्शनं. डाव्या पोटात जाताना काही नसायचं. येताना मात्र ते भरलेलं असायचं. पेशंटांनी दिलेली अंडी, मार्मालेड, त्यांच्या मागच्या अंगणातला रुबार्ब. रुबार्ब म्हणजे लाल, आंबट देठ. त्याचं इंग्रज लोक गोड काहीतरी करतात. यमुनाबाई त्याची आंबट आमटी करायच्या आणि पुढच्या खेपेला डबा माझ्याच पोटातून त्या घरी परत जायचा.

डॉक्टरांची एक पद्धत होती. नाडी बघायच्या आधी चहा. दवाखान्यात प्रत्येक पेशंटला दहा मिनिटं ठरलेली. डॉक्टरांचं म्हणणं असं की दहा मिनिटं इंग्रज माणसाला हवेबद्दल बोलायलाच लागतात. दुखणं अकराव्या मिनिटाला निघतं. म्हणून ते घरी जायचे, खुर्चीत नीट टेकून बसायचे, कुत्र्याची चौकशी करायचे. आणि अकराव्या मिनिटाला कुणीतरी कप खाली ठेवून म्हणायचं, “आता विषय निघालाच आहे म्हणून सांगतो, डॉक्टर...” विषय निघालेला नसायचा.

दर जानेवारीत संक्रांतीला यमुनाबाई तिळाचे लाडू वळायच्या. चिकीचा गूळ वेम्बलीहून, ईलिंग रोडवरच्या दुकानातून यायचा. डॉक्टर गावभर लाडू वाटायचे आणि वर समजावून सांगायचे, की हे खायचं आणि वर्षभर गोड बोलायचं. तिळगूळ हे सर्दीवरचं औषध आहे असा हेझलकोटमध्ये अजून समज आहे. सर्दी जाते म्हणतात.

मग करोना आला. त्यानंतर एक बाई दवाखाना तपासायला आल्या आणि माझ्याकडे पेनाने बोट दाखवून म्हणाल्या, “चामडं जंतुनाशकाने पुसता येत नाही. ही चालणार नाही.” माझ्या जागी निळी, प्लास्टिकची, चेन असलेली एक पेटी आली. मी हॉलमधल्या खुंटीवर. पण माझी कारकीर्द संपली नव्हती. मी वैद्यकीय सेवेतून निवृत्त झाले आणि राजकारणात गेले. पुष्कळांचं असं होतं.

त्याचं कारण डोरीन.

डोरीन आणि रॉन हे हेझलकोटमधलं म्हातारं जोडपं. रॉनने आयुष्यभर गावातल्या घरांची गवताची छपरं शाकारली. ऐंशी ओलांडल्यावर त्याला अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. त्याला वीस मैलांवरच्या शहरात एका छोट्या इस्पितळात ठेवलं होतं. डोरीनला गाडी चालवता येत नव्हती. ती रोज बसने जायची. रॉनच्या डाव्या हातात थोडी ताकद होती. तो तिचा हात दाबायचा. एकदा म्हणजे हो, दोनदा म्हणजे नाही. डोरीन म्हणायची, “साठ वर्षं झाली लग्नाला. एवढं तो माझ्याशी कधी बोलला नव्हता.”

(डोरीन अर्थात इंग्रजीत बोलायची. मी मराठीत सांगते, कारण ज्या घरात मी टांगलेली आहे तिथली शिस्त तशी आहे.)

आणि आमच्या वेस्टमीड कौन्सिलने, म्हणजे तिथल्या जिल्हा परिषदेने, ती बस बंद करायचा घाट घातला. बसमध्ये माणसं कमी असतात, असं त्यांचं म्हणणं. ते खरं होतं. बऱ्याचदा डोरीन एकटीच असायची.

त्या आठवड्यात डोरीन डॉक्टरांच्या घरी आली, दवाखान्यात नाही. स्वयंपाकघरात बसून तिने चहा संपवला. डॉक्टरांनी तिच्या दंडाला पट्टा बांधला, आकडा पाहिला आणि पुन्हा बांधला.

“गोळी वाढवायची का?” तिने विचारलं.

“तुम्हाला गोळीची गरज नाही, डोरीन. बसची आहे.”

“मग ती लिहून द्या की.”

डोरीन हसत म्हणाली. डॉक्टर हसले नाहीत. त्यांची नजर दारातून हॉलमधल्या खुंटीवर, माझ्याकडे गेली. पेल, पूर, पूल, सगळं त्यांच्या चेहऱ्यावरून सरकताना मला दिसलं. मित्रांनो, मला ओरडून सांगावंसं वाटलं की ती मालिका होती, आणि ती बंद पडली. पण पडशीला बोलता येत नाही. आणि खरं सांगू? बोलता आलं असतं तरी मी गप्प बसले असते. खोट्या गोष्टीवर विश्वास ठेवून माणूस इतका चांगला दिसत असेल, तर मध्ये पडू नये.

“मी कौन्सिलच्या निवडणुकीला उभा राहतोय,” डोरीन गेल्यावर ते म्हणाले.

यमुनाबाई कणीक मळत होत्या. त्या थांबल्या नाहीत. “तुम्ही? अहो, मंडळाच्या गणपतीत आरतीच्या वेळीसुद्धा तुम्ही मागच्या रांगेत उभे असता. टाळ दिले तर शेजाऱ्याला देता.”

“पेलसुद्धा बुजराच होता.”

“त्या पेलला बायको होती का?”

डॉक्टरांनी विचार केला. “दुकानदार काही बोलला नाही.”

“नसणारच. घोड्यावर फिरत होता.”

त्यांची लेक चैत्राली हाउन्सलोला एका कार्गो कंपनीत मॅनेजर आहे. ती प्रचाराला धावून आली. तिचा जन्म इथलाच. तिचं मराठी वेगात येतं आणि वाटेत जे सापडेल ते उचलतं. पहिल्याच दिवशी बापलेक दारोदार फिरले. मी डॉक्टरांच्या खांद्यावर, पोटात पत्रकं. चौथ्या घरातून बाहेर पडल्यावर चैत्राली फाटकापाशीच थांबली.

“बाबा, आपण इथे फॉर्टी मिनिट्स होतो. तुम्ही त्या माणसाचं गुडघा बघितलं, त्याच्या मांजराचा कान बघितलं. व्होट कधी मागितलं?”

“अगं, गुडघा सुजलाय त्याचा. त्यात मत काय मागायचं?”

“मग ही पत्रकं कशाला?”

“आहेत ना. त्याला एक दिलं मी.”

“त्याच्या मागे तुम्ही एक्सरसाइज लिहून दिलं!”

ते खरं होतं. पण खरी अडचण वेगळीच होती. गावात डॉक्टरांवर सगळ्यांचा जीव, आणि म्हणूनच त्यांना मत द्यायला कुणी तयार नव्हतं. हे कौन्सिलमध्ये बसले तर आम्हाला तपासणार कोण? ज्याचा गुडघा पाहिला त्यानेच प्रतिस्पर्ध्याची पाटी अंगणात रोवली आणि डॉक्टरांना म्हणाला, “वाईट वाटून घेऊ नका. तुम्ही आम्हाला हवे आहात, म्हणून.” मोजणी झाली तेव्हा डॉक्टर थोडक्यात निवडून आले होते. मतं सगळी हमरस्त्याच्या पलीकडच्या नव्या वसाहतीतली. तिथल्या एकाही माणसाला त्यांनी कधी तपासलेलं नव्हतं.

आता माझ्या पोटात कौन्सिलची कागदपत्रं. मित्रांनो, औषधांचा वास परवडला.

बसचा निर्णय जानेवारीच्या सभेत व्हायचा होता. डॉक्टरांनी त्यासाठी वर्ष घातलं होतं. एकेकाच्या घरी जाऊन, चहा पिऊन, अकराव्या मिनिटापर्यंत थांबून त्यांनी जवळपास अर्ध्या सभासदांना डोरीनची गोष्ट पटवली होती. मतं बरोबरीत सुटली तर अध्यक्षबाई बसच्या बाजूने आपलं जादा मत टाकणार, हेही ठरलं होतं. म्हणजे बरोबरी झाली तरी बस वाचत होती. फक्त क्लाइव्ह बॅसेट हलत नव्हता. तो वाहतूक समितीचा प्रमुख. आडवा माणूस, पण वाईट नव्हे. बसमध्ये माणसं नसतात हे त्याने स्वतः थांब्यावर उभं राहून पाहिलं होतं.

सभा दुपारची, आणि दिवस नेमका संक्रांतीचा.

“लाडू नेतोय थोडे,” डॉक्टर म्हणाले. “क्लाइव्हला देतो. बघू गोड बोलतो का.”

“न्या,” यमुनाबाई म्हणाल्या, “पण गारठ्यात ते दगड होतात हो. देण्याआधी जरा ऊब द्या. म्हाताऱ्याकोताऱ्यांना तसेच देऊ नका.”

डॉक्टरांनी हो म्हटलं. डबा माझ्या डाव्या पोटात गेला आणि मी निसानच्या डिकीत गेले. बाहेर सगळं गोठलेलं. वर्षभर मनाशी घोकलेलं भाषण डॉक्टर गाडीत पुन्हा पुन्हा म्हणत होते. ऊब कुणाच्या लक्षात राहते?

सभागृहात मला खुर्चीवर ठेवून त्यांनी डबा काढला आणि क्लाइव्हसमोर धरला. “आमच्यात आज हे वाटतात. तिळगूळ घ्या, गोड बोला. जुनं भांडण विसरायचं असतं.”

क्लाइव्हला आपलं भांडण आहे हेच ठाऊक नव्हतं. पण तो सभ्य माणूस. त्याने अख्खा लाडू तोंडात टाकला. चावला. पुन्हा चावला. मग त्याचा चेहरा लाल झाला, मग जांभळा, आणि दोन्ही हात गळ्याशी गेले.

लाजाळू डॉक्टर बोधनकर त्या क्षणी कुठे गेले कुणास ठाऊक. तिथे दुसरेच डॉक्टर होते. त्यांनी क्लाइव्हला ओढत बाहेरच्या कॉरिडॉरमध्ये नेलं, मागून कवटाळलं आणि पोटावर हिसके दिले. उघड्या दारातून मला आवाज येत होते. एक हिसका, दुसरा, मग खट्ट. भिंतीवर काहीतरी आपटलं. क्लाइव्ह मोठ्याने श्वास घेऊ लागला.

“बसा,” डॉक्टर म्हणाले. “असे हिसके दिल्यावर पोट तपासून घ्यावं लागतं. हलू नका. मी फोन करतो.”

“मी ठीक आहे, अगदी ठीक.”

“हलू नका म्हटलं ना!”

आत अध्यक्षबाई घड्याळाकडे पाहत होत्या. नियमाप्रमाणे मतदानाची वेळ झाली होती आणि नियम कुणाच्या घशासाठी थांबत नव्हता. त्यांनी बस बंद करण्याचा ठराव मांडला. दार ढकलून क्लाइव्ह आत आला, टाय सारखा करत आपल्या जागी बसला आणि हात वर केला.

पेशंट आत मत देत होता. डॉक्टर बाहेर त्याच्यासाठी रुग्णवाहिकेच्या फोनवर वाट बघत होते.

ठराव एका मताने मंजूर झाला. डॉक्टरांच्या खुर्चीवर त्या वेळी मी होते. पण पडशीला मत नसतं.

घरी आल्यावर ते माझ्याजवळच, हॉलमध्ये जिन्याच्या पायरीवर बसून राहिले. कोटसुद्धा काढला नाही. यमुनाबाईंनी सगळं ऐकून घेतलं.

“तो बरा आहे ना पण?”

“ठणठणीत आहे.”

“मग झालं.”

“काय झालं, यमुना? डोरीनला काय सांगू? पेलने पूल बांधला. मी लाडू खाऊ घातला.”

यमुनाबाई त्यांच्याशेजारी पायरीवर बसल्या. पायरी एकाच माणसापुरती होती. “उद्या मी नेते तिला,” त्या म्हणाल्या.

इथे तुम्हाला सांगायला हवं की यमुनाबाईंची गाडी टेस्कोच्या दुकानापर्यंत जायची आणि परत यायची. वाटेत राउंडअबाउट, म्हणजे गोल वळसा घालून जायचा चौक, लागला तर त्या रस्ता बदलायच्या. शहराच्या वाटेवर राउंडअबाउटच राउंडअबाउट.

दुसऱ्या दिवशी डॉक्टर आधी डोरीनकडे गेले आणि दारातच सगळं सांगून मोकळे झाले.

“त्याला मरू तर देता आलं नसतं तुम्हाला,” ती म्हणाली. मग कोट हातात घेत, “नसतं ना?”

“नाही.”

“नाही. मीही तेच म्हणते.” आणि तिने कोट घातला.

यमुनाबाईंनी मला पुढच्या सीटखाली ठेवलं. एका पोटात थर्मास, दुसऱ्यात तिखटमिठाच्या पुऱ्या. पहिल्या राउंडअबाउटला त्यांनी इतक्या फेऱ्या मारल्या की डोरीन म्हणाली, “ते चर्च मला आता ओळखीचं वाटायला लागलंय.” यमुनाबाई मराठीत देवाचं नाव घेत होत्या. डोरीन इंग्रजीत डावं-उजवं सांगत होती. त्या पोचल्या. दुसऱ्या दिवशीही पोचल्या. मग गावाला कळलं. गुडघेवाल्याने आपली गाडी काढली, पोस्टातली बाई पुढे आली, आणि पाळ्या लागल्या. यमुनाबाईंकडे बुधवार आला.

मार्चमधला एक बुधवार. इस्पितळाच्या पार्किंगमध्ये यमुनाबाई गाडीत बसून होत्या, मी त्यांच्या बाजूला. त्या कधी वर जायच्या नाहीत. म्हणायच्या, “नवराबायकोचं बोलणं चाललेलं असतं.” त्या दिवशी डोरीन लवकर बाहेर आली. गाडीत बसली. पट्टा लावला नाही.

“मी त्याला विचारलं, जायचंय का तुला?” ती म्हणाली. “एकदाच दाबला हात. आणि मग सोडलाच नाही. मीच सोडवला, शेवटी.”

यमुनाबाईंनी थर्मासचा चहा टोपणात ओतला, तिच्या हातात दिला आणि तिच्या गुडघ्यावर हात ठेवून बसल्या. चहा निवला. तेव्हा डोरीन म्हणाली, “आज तुझ्याशिवाय मी इथे नसते.” मग दोघी निघाल्या. त्या दिवशी यमुनाबाईंनी सगळे राउंडअबाउट एकेका फेरीत पार केले, आणि ते त्यांच्या लक्षातही आलं नाही.

पुढच्या निवडणुकीत गावाने डॉक्टरांना पाडलं आणि सोमवारी सकाळी सगळ्यांनी अपॉइंटमेंट घेतल्या. मी पुन्हा खुंटीवर आले. आता माझ्या पोटात पिशव्या आहेत. मराठी घरात पिशव्या ठेवायची एक पिशवी असते, तसली मी झाले आहे. टाके उसवले आहेत, कातडं तडकलं आहे. मित्रांनो, तुमच्याही घरात अशी एखादी जुनी वस्तू टांगलेली असेल. तिला वर्षातून एकदा तेलाचा हात फिरवा, जरा ऊन दाखवा. तिने काय काय वाहून नेलं ते ती सांगणार नाही. आणि एखादं म्हातारं माणूस कुठे जायला निघालं असेल, तर त्याला बसचं वेळापत्रक दाखवत बसू नका. तुमची गाडी काढा. राउंडअबाउट जमत नसतील तरी काढा.

बस परत सुरू झाली आहे. क्लाइव्ह बॅसेटने आपल्या पत्रकात तिचा फोटो छापला आहे. ती फक्त मंगळवारी असते. सकाळी दहाला हेझलकोटहून निघते आणि दुपारी दोनला इस्पितळापासून परत फिरते. इस्पितळात भेटायची वेळ तीनला सुरू होते.